भिवजीचा बांध

त्या राज्यात मेलेल्यावर खटला चालत नसे. नियम इतका जुना होता की तो कोणी केला हे न्यायासनालाही ठाऊक नव्हते. जो उत्तर देऊ शकत नाही त्याच्याकडे बोट दाखवू नये, एवढेच त्यात म्हटले होते, आणि त्यावर कोणी कधी फारसा विचार केला नव्हता.

राज्यात तळे एकच होते. डोंगरातून उतरणारे पाणी मातीच्या लांब बांधामागे अडवलेले होते आणि बांधाच्या खाली गोट्यांचे मोकळे रान पसरले होते. तिथे टिटव्या अंडी घालत. टिटवी झाडावर घरटे करत नाही. चार खडे बाजूला सारते आणि उघड्यावरच अंडी ठेवते. त्यामुळे बांधावर तिचा जितका भरवसा होता, तितका राज्यात दुसऱ्या कोणाचा कशावरच नव्हता. बांधाची राखण पाणकावळ्यांकडे होती. ते दिवसभर बांधावर ओळीने बसत, पंख पसरून ऊन खात, आणि दुरून पाहणाऱ्याला राखण चोख चालली आहे असे वाटे.

बांधाच्या एका टोकाला, खडकाळ उतारावर, भिवजी नावाचा साळिंदर राहत असे. वय झालेले, स्वभाव तिरसट, पण कोणाच्या अध्यात नाही की मध्यात नाही. बायको गेल्यानंतर बिळात तो आणि त्याची मुलगी गोजरा असे दोघेच उरले होते. तळ्याच्या काठाला कमळाचे कंद मिळत. तिथे पोहोचायला बांधाला मोठा वळसा घालावा लागे आणि भिवजीचे गुडघे दुखत. म्हणून एका उन्हाळ्यात, पाणी खाली गेलेले असताना, त्याने बांधाच्या पोटातून आरपार वाट पोखरली. वाट कोरडी होती, जवळची होती. महिनाभर तो तिच्यातून सुखाने येत-जात राहिला.

आषाढ संपत आला तेव्हा पाणी त्या वाटेपर्यंत चढले आणि एका सकाळी बांध फुटला.

ठकू नावाच्या टिटवीची चार अंडी त्या रानात होती. दोन दिवसांत ती फुटणार होती. आतली पिल्ले कवचाला टोचत होती, तो आवाज तिने ऐकला होता. पाणी ओसरले तेव्हा तिथले गोटेसुद्धा ओळखीचे राहिले नव्हते. ठकू त्या जागेवर थोडा वेळ उभी राहिली. मग उडाली ती थेट न्यायासनाकडे गेली.

न्यायासन नदीच्या वाळूत भरे आणि करकोचा त्याचा प्रमुख होता. तो एका पायावर उभा राहून दोन्ही बाजू ऐके आणि निकाल देताना दुसरा पाय खाली टेकवी. त्या दिवशी त्याने एकच प्रश्न विचारला. पाणी कोणाच्या भोकातून आले?

"भोक माझं," भिवजी म्हणाला. "पण बांध आधीच पोकळ होता, महाराज. खेकड्यांनी तो केव्हाच खाल्ला होता."

"विचारलं तेवढंच सांगा," करकोचा म्हणाला आणि त्याने पाय टेकवला.

निकालात भिवजी दोषी ठरला. तीन वर्षे त्याने सार्वजनिक कुरणात पाऊल ठेवायचे नाही, ही शिक्षा. न्यायासनाच्या कोठारात कंदांचा ढीग भरायचा, हा दंड. आणि फुटलेला बांध दगडांनी पुन्हा बांधून द्यायचा, ही टिटव्यांची भरपाई. मुंगसाच्या जातीचा एक कारकून होता. त्याने हे सगळे नखाने पाटीवर कोरले.

भिवजीने वरच्या न्यायासनाकडे दाद मागितली. ते डोंगरमाथ्यावरच्या उघड्या खडकाळ सड्यावर होते आणि तिथे नंबर लागायला काळ जाई. तोवर शिक्षा आणि भरपाई थांबणार नव्हती. त्याने कंद भरले, कुरण सोडले आणि तो दगड ढकलू लागला. नाकाने आणि पुढच्या पायांनी एकेक दगड उतारावरून आणायचा, खिंडारात बसवायचा, माती ठासायची. गोजरा मदतीला आली की तो तिला हाकलून लावी. ठकू रोज समोरच्या खडकावर येऊन बसे आणि पाहत राही. दोघे बोलत नसत. फक्त एकदा भिवजीने मान वर न करता विचारले होते, "हा बसलाय का बघ जरा."

"डावीकडून हलतोय," ठकू म्हणाली.

त्याने दगड काढला, खालची माती सारखी केली आणि पुन्हा बसवला.

हिवाळा गेला. फाल्गुनात खिंडार निम्मे भरले होते. एका दुपारी दगड ढकलता ढकलता भिवजी थांबला, दगडाला टेकून बसला, आणि पुन्हा उठला नाही. ते प्रथम ठकूनेच पाहिले. गोजराला हाक मारली तीही तिनेच, आणि गोजरा येईपर्यंत ती त्याच्यापासून चार पावलांवर उभी राहिली.

तेराव्या दिवशी करकोच्याने दोघींना वाळूत बोलावले. तो बराच वेळ एका पायावर उभा होता.

"भिवजीचं म्हणणं वर ऐकून व्हायचं होतं," तो म्हणाला. "ते होण्याआधी तो गेला. वर शिक्कामोर्तब होत नाही तोवर माझा निकाल कच्चा असतो, आणि आता ते होणार नाही. म्हणून निकाल नाही. शिक्षा संपली. दंडाचे कंद वारसाला परत. बांधात लावलेले दगडही परत. ज्या निकालापायी ते लावले तो निकालच उरला नाही."

कारकुनाने पाटी उभी केली आणि भिवजीचे नाव खरवडायला घेतले.

"म्हणजे बांध पाडणार?" ठकूने विचारले.

"बांध पाडणार नाही. दगड परत करणार."

"महाराज, आषाढात पाणी येईल. साळिंदर गेला हे पाण्याला कोण सांगणार?"

करकोच्याला राग आला नाही. "ठकूबाई, ज्याचं म्हणणं पुरतं ऐकलं नाही त्याला मी गुन्हेगार म्हणून कायमचा कोरून ठेवू शकत नाही. हा नियम उद्या तुमच्याही कामाला येईल."

"माझ्या कामाला बांध येईल," ठकू म्हणाली आणि उडून गेली.

गोजरा मात्र जागची हलली नाही. कारकुनाने पाटीवरची धूळ फुंकली तेव्हा तिने विचारले, "नाव खरवडलं म्हणजे आप्पा निर्दोष ठरले का?"

"नाही."

"मग दोषी?"

"तेही नाही."

"मग काय ठरलं?"

"काहीच नाही ठरलं, पोरी. खटला झालाच नाही असं धरायचं."

गोजरा घरी आली. शेजारपाजारचे भेटायला आले. ससे आले, घोरपड आली, सगळे समजुतीचे बोलले. कंद परत मिळणार म्हणून त्यांना तिच्यासाठी बरे वाटत होते. जाता जाता प्रत्येकजण तेच म्हणत होता, सुटला बिचारा. गोजराला पहिल्यांदा तो शब्द मायेचा वाटला. चौथ्यांदा ऐकला तेव्हा तिला त्यातले दुसरे काहीतरी ऐकू आले. आप्पांनी बांध फोडला, आणि मरून ते त्यातून निसटले. सात-आठ महिने दगड ढकलून पुढच्या पायांना घट्टे पडलेला तिचा बाप आता पळून गेलेल्यांत मोजला जात होता, आणि तो पळाला नव्हता हे सांगायला पाटीवर अक्षरही उरले नव्हते.

दुसऱ्या दिवशी न्यायासनाची रानडुकरे दगड उपसायला बांधावर आली. ठकू खिंडारासमोर पंख पसरून उभी होती. मुठीएवढी ती, आणि समोर सहा रानडुकरे. पण ती बाजूला होत नव्हती. गोजरा धावत पोहोचली.

"दगड कोणाचे?" तिने म्होरक्या डुकराला विचारले.

"तुझे. हुकूमच आहे तसा."

"मग ते मी इथं ठेवलेत."

डुकराने बराच वेळ विचार केला. "आम्हाला उपसून द्यायला सांगितलंय."

"दिलेत तुम्ही. मला पोचले. आता जा."

डुकरे एकमेकांकडे पाहत निघून गेली. ठकूने पंख मिटले, पण तिची नजर मऊ झाली नव्हती.

"आज ठेवलेस," ती म्हणाली. "उद्या गरज पडली की नेशील. दगड तुझेच आहेत म्हणे."

"मावशी, मी हे सगळं तुमच्यासाठी नाही करत."

"कळतंय मला. म्हणूनच विश्वास नाही."

त्याच दिवशी गोजरा पुन्हा कारकुनाकडे गेली. कारकून तसा रूक्ष प्राणी, पण आयुष्यभर नियम कोरून त्याला ते पाठ झाले होते, आणि कोणी खरोखर विचारले तर सांगायला त्याला आवडत असे.

"एक वाट आहे," तो म्हणाला. "मेलेल्याच्या रक्ताचं कोणी उभं राहिलं, आणि तेही एका पौर्णिमेच्या आत, तर त्याची मागणी वर पुढे चालते. पण ऐक. काहीच केलं नाहीस तर कंद तुझे, दगड तुझे, कोणी काही विचारणार नाही. उभी राहिलीस आणि हरलीस तर निकाल पुन्हा उभा राहील. तुला कुरण बंद होणार नाही, शिक्षा एकाची दुसऱ्याला लागत नाही. पण बांधाचं उरलेलं काम भिवजीनं मागे ठेवलं त्यातून वसूल होईल. मागे काय ठेवलंय त्यानं?"

"बीळ," गोजरा म्हणाली. "आणि बिळाच्या तोंडाचं दगडी बांधकाम."

"मग घरी जाऊन झोप आणि विचार कर."

"विचार करूनच आले. माझं नाव लिहा."

सड्यावर जायची वाट तीन दिवसांची होती. गोजरा चालत निघाली. दुसऱ्या दिवशी दुपारी तिला पुढच्या खडकावर ठकू बसलेली दिसली. टिटवी उडत जाऊन केव्हाच पोहोचली असती; ती का थांबली होती हे तिने सांगितले नाही.

"तुझा बाप सुटलाय," ठकू म्हणाली. "तुझं काही जात नाही. कशाला चाललीस?"

"सुटला म्हणतात म्हणूनच चाललेय. तुम्ही कशाला?"

"तू जिंकलीस तर बांधाचा विषयच संपेल. ते होऊ द्यायचं नाही मला."

"मग आपण एकमेकींच्या विरुद्ध."

"हो."

त्यानंतर दोघी एकाच वाटेने गेल्या. गोजरा दमून बसली की ठकू पुढच्या दगडावर थांबे आणि ती उठली की पुन्हा पुढे जाई.

सड्यावर वृद्ध सांबरीण न्यायाला बसत असे. तिची नजर अधू झाली होती, सगळी भिस्त कानांवर होती आणि त्यामुळे ती सगळ्यांना पुन्हा पुन्हा बोलायला लावी. तिने खालची पाटी मागवली, कारकुनाने खरवडलेल्या जागेवरून नाक फिरवले, आणि गोजराला सांगायला सांगितले. गोजराने वडिलांचे म्हणणे सांगितले. भोक त्यांचे होते. ते कधी नाकारले नव्हते. पण बांध आधीच खाल्लेला होता, आणि हे कोणी ऐकून घेतले नव्हते.

"खेकड्यांची भोकं कोणी पाहिली?" सांबरिणीने विचारले.

पाणकावळ्यांचा प्रमुख तिथे आला होता. त्याने पंख नीट जुळवले. "बांध शाबूत होता, बाई. आमची राखण होती."

"आणखी कोणी?"

गोजराकडे साक्षीदार नव्हता. मग ती वळली आणि तिने थेट ठकूकडे पाहिले. "मावशी, त्या बांधाखाली तुमचा जन्म गेला. तुम्ही सांगा."

सड्यावर वारा होता. भोके पाहिली नाहीत असे ठकूने म्हटले असते तर बांधाचा सगळा भार भिवजीच्या घरावर पडला असता आणि बांध पुरा झाला असता; तिला हवे होते ते एवढेच होते. गोजरानेही हे जाणूनच विचारले होते.

"होती," ठकू म्हणाली. "तीन होती. बांध फुटला त्याच्या आदल्या पावसाळ्यापासून होती. मी राखणदारांना दोनदा सांगितलं. ते म्हणाले, टिटवीला ओरडायची सवयच असते." तिने पाणकावळ्याकडे पाहिले. "खाली मला हे कोणी विचारलं नाही. पण बाई, चौथं भोक त्याचं होतं, सगळ्यात मोठं, आणि पाणी त्यातूनच आलं. बांधात वाट पाडू नये हे त्याला कळत नव्हतं असं नाही. माझी चार अंडी गेली. हेही लिहा."

पाणकावळ्यांचा प्रमुख सड्याच्या कडेकडे सरकू लागला होता. सांबरिणीने त्याला तिथेच थांबायला सांगितले.

तिचा निकाल छोटा होता. भिवजीने बांध पोखरला होता आणि तो दोषी होता. बांध त्याआधीच पोखरलेला होता आणि त्याचा दोष राखणदारांचा होता. ही दोन्ही वाक्ये एकाच पाटीवर, एकाखाली एक कोरायची. कुरणबंदीची शिक्षा भोगायला कोणी उरले नव्हते, ती संपली. दंड त्याला झळ लागावी म्हणून होता. झळ लागायला तोही नव्हता, म्हणून कंद परत. "पण बांध," सांबरीण म्हणाली, "भिवजीला झोंबावा म्हणून सांगितला नव्हता. खाली अंडी असतात म्हणून सांगितला होता. ती अजून असतात." खिंडाराचे उरलेले काम निम्मे पाणकावळ्यांनी करायचे होते आणि निम्मे भिवजीने मागे ठेवले त्यातून व्हायचे होते.

"मुली," तिने गोजराला विचारले, "काही म्हणायचं आहे?"

"एकच," गोजरा म्हणाली. "ही पाटी तळ्यावर, सगळ्यांसमोर वाचून दाखवावी. पहिलं वाक्यसुद्धा."

वैशाखाच्या एका सकाळी कारकुनाने ती तळ्यावर वाचली. ससे, घोरपड, रानडुकरे सगळे जमले होते. पहिल्या वाक्याला गोजराने मान खाली घातली नाही. दुसऱ्या वाक्याला कोणीतरी पाणकावळ्यांकडे पाहिले आणि मग सगळ्यांनीच पाहिले. त्या दिवसापासून भिवजी सुटला असे कोणी म्हणाले नाही.

मग ती बिळाकडे गेली. भिवजीच्या बिळाचे तोंड त्याच्या पणज्याने रचले होते. दोन्ही बाजूंना उभे चिरे, वर एक आडवा, आणि खाली उंबरठा. ते काढले की दार राहणार नव्हते. पुढचा पावसाळा तिला उतारावरच्या कपारीत काढावा लागणार होता. तिने आधी वरचा चिरा सोडवला. तो घसरत खाली आला तेव्हा तिच्या पाठीचे दोन काटे मोडले. संध्याकाळपर्यंत तिने बाजूचे दोन्ही चिरे उतारावरून बांधापर्यंत नेले. उंबरठा जड होता. तो हलत नव्हता. तिने दोन दिवस त्याच्याभोवतीची माती उकरली.

तिसऱ्या दिवशी ठकू तिथे आली. टिटवीला दगड ढकलता येत नाही. ती उंबरठ्याच्या पुढे पुढे चालत राहिली आणि वाटेतले खडे चोचीने बाजूला सारत राहिली, खडे बाजूला सारण्यात टिटवीइतके तरबेज कोणी नसते. चढ आला की गोजरा थांबे, धापा टाकी, पुन्हा रेटा देई.

"कपारीत पाणी गळेल," ठकू म्हणाली.

"गळू दे."

"दिवाळीनंतर दुसरं बीळ करशील?"

"करीन. बांधापासून लांब."

ठकूने मान हलवली आणि पुढचा खडा उचलला.

ज्येष्ठ संपण्याआधी खिंडार बुजले. पाणकावळ्यांनीही आपला भाग भरला. त्यांचे दगड लहान होते, पण नीट ठासलेले होते, कारण ठकू समोरच्या खडकावर बसून एकेक पाहत होती. गोजराने उंबरठा सगळ्यात वर, मधोमध, आडवा बसवला. डावीकडून तो हलत होता. तिने काढला, खालची माती सारखी केली आणि पुन्हा बसवला.

आषाढात तळे भरले. पाणी दगडादगडाने चढत उंबरठ्याच्या कडेला आले आणि तिथे थांबले. खालच्या रानात ठकूची पिल्ले चार दिवसांची होती, अंगाने खड्यांसारखीच, काडीच्या पायांवर धावणारी. ती आईमागून बांध चढून वर आली. चार पिढ्यांच्या साळिंदरांनी ये-जा करून उंबरठ्याच्या मधोमध एक खोलगट जागा झिजवली होती, तिच्या कडेला भिवजीच्या दुखऱ्या पायाने एकाच बाजूने घासलेला उतार होता, आणि त्यात ओंजळभर पाणी साठले होते. पिल्ले त्या उतारावर उभी राहिली, एकेक करून माना खाली घालून पाणी प्यायली, आणि माना वर करून गिळू लागली.